काचेची शेगडी, प्रेशर कुकर आणि दुकानदाराची जबाबदारी

भांड्यांच्या कोणत्याही दुकानात आज पाऊल टाकले की दर्शनी फळीवर काळ्या, चकचकीत काचेच्या गॅस शेगड्या मांडलेल्या दिसतात. दोन बर्नरच्या, तीन बर्नरच्या, चार बर्नरच्या. स्टीलच्या शेगड्या मागच्या रांगेत गेल्या आहेत. ग्राहकाला काच आवडते, ती पुसायला सोपी असते, ओट्यावर शोभून दिसते. लग्नाच्या सामानात तर काचेची शेगडी आणि प्रेशर कुकर ही जोडी ठरलेलीच असते. जहेजच्या प्रथेला आमचा विरोध आहे आणि तो आम्ही वेळोवेळी मांडत आलो आहोत; परंतु या निमित्ताने लाखो घरांत ही जोडी पोहोचते, ही वस्तुस्थिती नाकारता येत नाही. भांड्यांच्या, शेगड्यांच्या आणि त्यांच्या दुरुस्तीच्या व्यवसायात आपल्या समाजातील पुष्कळ लोक आहेत. म्हणूनच या पानावर या विषयाची चर्चा करणे आम्हाला आवश्यक वाटते.

प्रश्न असा आहे की, ही दोन्ही वस्तू विकताना त्या एकत्र कशा वापराव्यात हे ग्राहकाला कोण सांगतो? कुकर विकणारा कुकरची हमी सांगतो, शेगडी विकणारा शेगडीची हमी सांगतो. काचेच्या शेगडीवर दाबाखालचा जड कुकर रोज दोनदा चढणार आहे, याचा विचार कोणीच करीत नाही. आमचे स्पष्ट मत असे की, हा विचार करणे आणि तो ग्राहकाला सांगणे हे विक्रेत्याचे काम आहे. ते न करता केलेली विक्री अपुरी आहे आणि अशी कमाई निर्दोष म्हणता येणार नाही.

‘टफन आहे, फुटत नाही’

दुकानात हमखास ऐकू येणारे वाक्य म्हणजे, “टफन ग्लास आहे, फुटत नाही.” हे वाक्य खरे नाही. टफन ग्लास म्हणजे काय, हे विक्रेत्याने आधी स्वतः समजून घेतले पाहिजे. साधी काच ६०० अंश सेल्सिअसच्या वर तापवून हवेच्या झोताने झटकन थंड करतात. त्यामुळे काचेचा बाहेरचा थर आवळला जातो आणि आतला थर ताणलेला राहतो. या ओढाताणीमुळे काच साध्या काचेच्या सुमारे चौपट मजबूत होते. पण हीच ओढाताण काचेत कायम साठून राहते. बाहेरच्या थराला कोठेतरी खोल ओरखडा पडला किंवा काठाला टवका उडाला, की एके दिवशी संपूर्ण काच एका क्षणात बारीक दाण्यांमध्ये विखुरते.

म्हणजेच टफन काच फुटत नाही असे नाही. ती फुटली तर सुरीसारखे लांब तुकडे होत नाहीत, एवढेच तिचे वैशिष्ट्य. पृष्ठभागावर ती दणकट असते, काठावर मात्र नाजूक असते. वाहतुकीत खोका आपटला आणि काठाला बारीक टवका गेला, तर तो डोळ्यांना दिसतही नाही. काच घडवताना तिच्यात निकेल सल्फाइडचा सूक्ष्म कण राहिला, तर काही महिन्यांनी किंवा वर्षांनी, शेगडी बंद असतानाही काच आपोआप फुटू शकते. एकदा टफन केलेली काच कापता येत नाही, तिला भोक पाडता येत नाही आणि तडा गेला तर ती सांधताही येत नाही. ती बदलावीच लागते. चिकटपट्टी लावून चालवलेली शेगडी म्हणजे संकटाला दिलेले निमंत्रण आहे.

कुकरमुळे धोका का वाढतो?

काच फुटणे ही एक गोष्ट आणि काच फुटताना तिच्यावर कुकर असणे ही दुसरी गोष्ट. घरगुती कुकरमध्ये आतला दाब बाहेरच्या हवेपेक्षा साधारणतः दर चौरस सेंटिमीटरला १ किलोने जास्त असतो. त्यामुळे आतले पाणी १०० नव्हे तर सुमारे १२० अंशांवर उकळते आणि डाळ-मटण लवकर शिजते. झाकणाचा व्यास २० सेंटिमीटर धरला तर त्या झाकणावर आतून ३०० किलोहून अधिक जोर असतो. ५ लिटरचा भरलेला कुकर पाच-सहा किलोचा होतो, १० लिटरचा त्याच्या दुप्पट. हे सारे वजन जाळीच्या चार-पाच पायांवर असते आणि अनेक शेगड्यांत ते पाय काचेवर किंवा काचेवरच्या ट्रेवर टेकलेले असतात. काच विखुरली की जाळी खचते, कुकर कलतो आणि उकळता ऐवज समोर उभ्या असलेल्या बाईच्या अंगावर येऊ शकतो. स्टीलच्या शेगडीत निदान पाया जागेवर राहतो. हा फरक लहान नाही.

काच फुटण्याची कारणे बहुधा रोजच्या सवयींत दडलेली असतात. त्यांतील मुख्य कारणे येथे नमूद करतो.

पहिले, बुडाचा आकार. लहान बर्नरवर मोठ्या बुडाचा कुकर ठेवला की ज्योतीची उष्णता वर न जाता बुडाखाली अडते आणि खाली काचेकडे परतते. शेजारच्या बर्नरवरही मोठे पातेले असेल, तर दोहोंमधली काच दोन्हीकडून तापते. कुकरचे बूड जाळीच्या बाहेर फार जात असेल, तर तो कुकर त्या बर्नरसाठी नाही असे समजावे.

दुसरे, ज्योत खाली पेटणे. बर्नरची छिद्रे खरकट्याने बुजली किंवा बर्नर नीट बसलेला नसला, तर कधीकधी ज्योत वर न पेटता आत नळीत पेटते. सूं-सूं असा आवाज येतो, ज्योत पिवळी होते आणि काच खालून तापते. अशा वेळी गॅस ताबडतोब बंद करून मेकॅनिकला दाखवावे. ‘नंतर बघू’ म्हणून त्यावर कुकर चढवणे धोक्याचे आहे.

तिसरे, उतू जाणे. शिट्टीबरोबर डाळीचे, भाताचे पाणी काचेवर सांडते. अनेक घरांत लगेच गार पाण्याचे फडके फिरवले जाते. टफन काच काही प्रमाणात हा फरक सोसते, पण ओरखडे पडलेली जुनी काच सोसेलच असे नाही. काच कोमट झाल्यावरच पुसावी. तारेची घासणी तर काचेला लावूच नये.

चौथे, आपटणे आणि सरकवणे. तापलेला कुकर जाळीवरून उतरवून शेजारच्या मोकळ्या काचेवर ठेवण्याची सवय सर्रास आढळते. कोणी नळाखाली कुकर गार करून तो ओला तसाच तापलेल्या काचेवर ठेवतात. कुकर उतरवण्यासाठी ओट्यावर लाकडी पाट किंवा जाड कापड असावे. काच ही भांडे ठेवण्याची जागा नव्हे.

रमजान, बकरी ईद आणि मोठा कुकर

आपल्या घरांपुरता विचार केला तर दोन प्रसंग विशेष काळजीचे आहेत. रमजानमध्ये इफ्तारीपूर्वीच्या तासाभरात आणि सहरीच्या वेळी सगळे बर्नर एकदम पेटलेले असतात. एकीकडे तळण, दुसरीकडे कुकर, वर वेळेची घाई. खिचडा आणि हलीम हे पदार्थ गहू, डाळ आणि मांस एकत्र शिजवून होतात. गव्हाचा आणि डाळीचा फेस वर चढतो, त्यातला एखादा दाणा शिट्टीच्या नळीत अडकला की वाफेचा मार्ग बंद होतो. म्हणूनच फेस येणाऱ्या पदार्थांसाठी कुकर अर्ध्याच्या वर कधीही भरू नये आणि इतर पदार्थांसाठी दोन तृतीयांशाच्या वर भरू नये. झाकण लावण्यापूर्वी शिट्टीची नळी उजेडात धरून आरपार दिसते का हे पाहावे. यास दहा सेकंदही लागत नाहीत.

बकरी ईदच्या दिवसांत माळ्यावरचा १० किंवा १२ लिटरचा कुकर खाली उतरतो. पाये, नळ्या, मोठे तुकडे त्यात भरले जातात आणि तो काचेच्या शेगडीवर तासन्‌तास चालतो. आमचे सांगणे असे की, एवढा कुकर काचेच्या शेगडीवर चढवूच नये. त्यासाठी एक बर्नरची लोखंडी किंवा स्टीलची भक्कम शेगडी वेगळी ठेवावी, तीही जमिनीवर किंवा मजबूत ओट्यावर. पूर्वी देगेसाठी वेगळी चूल मांडली जात असे, त्यामागेही हेच व्यवहारज्ञान होते.

विजेच्या शेगड्यांचे नियम वेगळे

इंडक्शन आणि इन्फ्रारेड शेगड्यांची काच ही गॅस शेगडीच्या टफन काचेहून निराळी असते. ती ग्लास-सिरॅमिक जातीची असते, उष्णतेने जवळजवळ प्रसरण पावत नाही, त्यामुळे तापमानातला मोठा फरक सोसते. पण तिच्यावर जड वस्तू आपटली तर तीही तडकते. येथे कुकर जाळीवर नसतो, थेट काचेवर असतो. म्हणून बूड अगदी सपाट हवे. वर्षानुवर्षे वापरून बूड फुगलेला कुकर काचेवर गरगर फिरतो. काचेवरून तो ओढू नये, उचलून ठेवावा.

निव्वळ ॲल्युमिनियमचा कुकर इंडक्शनवर तापत नाही. त्यासाठी इंडक्शनयोग्य बुडाचा कुकर लागतो. इन्फ्रारेड किंवा आत तार तापणाऱ्या शेगडीवर कोणताही सपाट कुकर चालतो, पण बटण बंद केल्यावरही ती काच बराच वेळ तापलेली राहते आणि कुकर आत शिजतच राहतो. गॅस बंद केला की शिट्टी थांबते, या सवयीने तेथे फसगत होते. आखाती देशांत नोकरीनिमित्त राहणाऱ्या कोकणी कुटुंबांना अशा शेगड्या अनेक घरांत मिळतात, आणि कुकर मात्र इथून नेलेला असतो. त्यांनी हे ध्यानात ठेवावे. ॲल्युमिनियम ६६० अंशांवर वितळते. पाणी आटून कोरडा पडलेला कुकर अशा शेगडीवर राहून गेला, तर बूड वितळून काचेला कायमचे चिकटू शकते.

कायदा काय म्हणतो?

घरगुती प्रेशर कुकरवर भारतीय मानक ब्युरोचे आयएसआय चिन्ह असणे १ फेब्रुवारी २०२१ पासून सक्तीचे आहे. त्यासाठीचे मानक आयएस २३४७ हे होय. एलपीजीवरच्या घरगुती शेगड्यांसाठी आयएस ४२४६ हे मानक आहे. चिन्ह नसलेला कुकर विकणे हा आता केवळ हलक्या मालाचा प्रश्न राहिलेला नाही, तो कायदेभंग आहे. डिसेंबर २०२१ मध्ये केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने विनाचिन्ह कुकर घेऊ नयेत अशी जाहीर सूचना काढली, आणि २०२२ मध्ये असे कुकर आपल्या मंचावरून विकू दिल्याबद्दल बड्या ऑनलाइन विक्री कंपन्यांना प्रत्येकी १ लाख रुपये दंडाचे आदेश दिले. मोठ्यांना जे चुकले नाही, ते गल्लीतल्या दुकानदाराला चुकेल असे समजणे भोळेपणाचे ठरेल.

याहून महत्त्वाची बाब ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मध्ये आहे. त्यातील कलम ८६ नुसार, उत्पादकाने दिलेल्या धोक्याच्या व वापराच्या सूचना विक्रेत्याने ग्राहकापर्यंत पोहोचवल्या नाहीत आणि त्यातून इजा झाली, तर विक्रेताही भरपाईस जबाबदार ठरू शकतो. “माहितीपुस्तक खोक्यात होते” हे उत्तर प्रत्येक वेळी चालेलच असे नाही. पुस्तक इंग्रजीत, घरी वाचणारे कोणी नाही, आणि दुकानदार म्हणाला ‘फुटत नाही’. मग दोष कोणाचा?

ओला गहू वर ठेवा

कायद्याची भीती ही शेवटची पायरी झाली. आपल्यासाठी पहिली पायरी वेगळी आहे. मदिनेच्या बाजारात प्रेषित मुहम्मद (स.) यांनी एका धान्याच्या ढिगात हात घातला असता आत ओल लागली. विक्रेत्याने पावसाचे कारण सांगितले. तेव्हा प्रेषितांनी विचारले की, मग ओले धान्य वर का ठेवले नाही, म्हणजे लोकांना दिसले असते? आणि फसवणूक करणारा आपल्यापैकी नव्हे, असे बजावले. येथे लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की, त्या विक्रेत्याने धान्य भिजवले नव्हते. त्याचा दोष होता तो न सांगण्याचा. इस्लामी व्यवहारशास्त्रात मालातील लपवलेला दोष उघडकीस आल्यास माल परत करण्याचा ग्राहकाचा अधिकार मान्य केलेला आहे, तो याच तत्त्वावर.

काचेची शेगडी हा काही सदोष माल नव्हे, हे आम्ही आवर्जून सांगतो. योग्य आकाराच्या भांड्यांसह ती वर्षानुवर्षे उत्तम चालते. परंतु तिला मर्यादा आहेत आणि त्या मर्यादा म्हणजेच ढिगातला ओला गहू. तो वर ठेवला पाहिजे.

यावर व्यापारी बंधूंचा आक्षेप आम्हाला ठाऊक आहे. “काच फुटू शकते असे आम्ही सांगितले, तर ग्राहक शेजारच्या दुकानात जाईल.” जाईलही. एखादी विक्री हातची जाईल. परंतु जो दुकानदार विचारतो की, घरात माणसे किती, कुकर किती लिटरचा, ईदला मोठा कुकर चढतो का, आणि त्यानुसार शेगडी सुचवतो, त्याच्याकडे तेच घर पुढची वीस वर्षे येते. खरे बोलून, दोष उघड करून केलेल्या सौद्यात बरकत असते, असे हदीसमध्ये सांगितले आहे. अनुभवी व्यापाऱ्यांना हे वेगळे सांगण्याची गरज नाही.

दुसरा आक्षेप असा की, ग्राहक ऐकतच नाहीत. यात तथ्य आहे, पण त्याचे कारणही पाहिले पाहिजे. शेगडी विकत घेतो बाप, भाऊ किंवा सासरा. वापरते ती मुलगी किंवा सून. दुकानात सांगितलेली सूचना स्वयंपाकघरापर्यंत पोहोचतच नाही. पोळते मात्र तिचेच हात. म्हणून आमची पुरुषवर्गास विनंती आहे की, शेगडी आणि कुकर घेताना ज्यांना ते वापरायचे आहेत त्यांना सोबत न्यावे, त्यांच्या प्रश्नांना उत्तरे मिळू द्यावीत.

दुरुस्तीवाल्या बंधूंना दोन शब्द

कुकर आणि शेगडी दुरुस्त करणाऱ्यांच्या हातात याहून मोठी अमानत आहे. कुकरच्या झाकणावरचा सेफ्टी व्हॉल्व्ह हा शेवटचा रखवालदार असतो. शिट्टीची नळी बुजली, उष्णता वाढली की त्यातला मऊ धातू वितळतो आणि वाफ बाहेर पडते. तो उडाला म्हणजे कुकर बिघडला असे नव्हे, त्याने आपले काम केले असे समजावे. त्याच्या जागी नट-बोल्ट आवळून देणारे, किंवा कोणत्याही कंपनीचा हाताला लागेल तो व्हॉल्व्ह बसवणारे महाभाग अजूनही आढळतात. ग्राहक स्वतःच म्हणतो, “स्वस्तात करून दे.” अशा वेळी नाही म्हणणे हाच धर्म आहे. काही रुपयांच्या सुट्या भागासाठी एखाद्या घराचा आयुष्यभराचा तळतळाट घेऊ नये. शिट्टी, रबर आणि व्हॉल्व्ह ज्या कुकरचे त्याच कंपनीचे असावेत. कडक किंवा सैल झालेले रबर बदलावेच. तडा गेलेल्या काचेची शेगडी फक्त बर्नर साफ करून परत देऊ नये, काच बदलेपर्यंत ती वापरू नये असे स्पष्ट सांगावे.

आमची सूचना

प्रत्येक दुकानदाराने मराठी आणि उर्दूत एक लहानसा कागद छापून घ्यावा आणि तो शेगडीच्या खोक्यावर बाहेरून चिकटवावा. त्यावर चारच गोष्टी असाव्यात. या शेगडीच्या मोठ्या आणि लहान बर्नरवर किती लिटरपर्यंतचा कुकर चालेल. तापलेले भांडे काचेवर ठेवू नये, तापलेली काच ओल्या फडक्याने पुसू नये. काठाला टवका किंवा तडा दिसल्यास वापर थांबवावा. काचेची हमी आहे की नाही, असल्यास किती. ही शेवटची बाब बिलावरही लिहावी. कारण काही कंपन्या काचेची हमी देतात, काही देत नाहीत, आणि भांडणे येथेच होतात. शेगडी देताना खोका उघडून काचेचे चारही काठ ग्राहकासमोर तपासावेत. शेगडी घरी बसवून देणाऱ्या मुलाने बर्नर पेटवून ज्योत निळी आहे का हे दाखवून यावे.

या सगळ्याला फारसा खर्च नाही. एका कागदाचा आणि पाच मिनिटांचा प्रश्न आहे. दिव्य कुरआनने माप-तोलात कमी देणाऱ्यांना कठोर शब्दांत ताकीद दिली आहे. माल पूर्ण द्यायचा आणि माहिती कमी द्यायची, हेही एक प्रकारे मापात कमी देणेच आहे. आपल्या दुकानातून बाहेर पडणारी प्रत्येक शेगडी पूर्ण माहितीसह बाहेर पडेल, असा निश्चय व्यापारी बंधूंनी करावा. अल्लाह आपल्या सर्वांच्या घरांचे आणि कमाईचे रक्षण करो.